गौरी कोण?

पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांनी, म्हणजे स्टासीनं, आपल्यावर फाईल ठेवली असेल तर ती पाहायला मिळावी म्हणून करायचा अर्ज छोटासाच होता. त्या वेळचं पूर्ण नाव, जन्मतारीख, जन्मगाव, आणि पूर्व जर्मनीत कोणत्या सालापासून कोणत्या सालापर्यंत कुठे राहत होतात ते. बाकीचं पाच मिनिटांत भरून झालं, पत्त्यापाशी अडलो. वसतिगृहाचा रस्ता डोळ्यांसमोर होता, ट्रामचा थांबा आठवत होता, रस्त्याचं नाव काही केल्या येईना. शेवटी माळ्यावरची पत्र्याची ट्रंक खाली काढली. तिच्यात मी आईला लिहिलेली पत्रं होती, तिनं सालवार दोऱ्यानं बांधून ठेवलेली. पाठवणाऱ्याच्या जागी माझ्याच अक्षरात पत्ता होता, तो उतरवून घेतला. आईला जाऊन तेव्हा नऊ वर्षं झाली होती. तिनं मला लिहिलेलं मात्र एकही पत्र माझ्याकडे नाही. जुलै १९८९ मध्ये परत निघताना सामानाचं वजन जास्त झालं, म्हणून पुस्तकं आणि पत्रं एका खोक्यात भरून खोलीतल्या जोडीदाराकडे ठेवली. ‘मागाहून बोटीनं पाठव,’ म्हणून सांगितलं. चार महिन्यांत भिंत पडली, पुढच्या वर्षी तो देशच नकाशावरून गेला, आणि खोकं काही आलं नाही.

मी १९८४ साली मुद्रणाचं तंत्र शिकायला लाइपझिगला गेलो. आपल्याकडच्या छापखान्यांत तेव्हा पूर्व जर्मनीत राडेबॉयलला बनणारी प्लॅनेटा ऑफसेट यंत्रं होती आणि ती जाणणारी माणसं हवी होती. लाइपझिग तर छपाईचं आणि पुस्तकांचं जुनं शहर. पहिलं वर्ष हेर्डर इन्स्टिट्यूटमध्ये जर्मन शिकण्यात गेलं, पुढची चार कागद, शाई आणि रोलरमध्ये. आपल्यावर नजर असेल हे तेव्हा कळत नव्हतं असं मी म्हणणार नाही. स्टासी हा शब्द सगळ्यांना ठाऊक होता. जर्मन मुलं त्यांना ‘होर्ख उंड गुक’ म्हणत, म्हणजे ‘कान दे नि डोकाव’. डिट्रिखरिंगवरच्या त्यांच्या गोल कोपऱ्याच्या इमारतीवरून जाताना बोलणं आपोआप थांबायचं. पण मी परदेशी विद्यार्थी, राजकारणात नसलेला. माझ्या नावानं कोणी फाईल उघडेल असं मनात आलं नव्हतं.

२०१६ साली ड्युसेलडॉर्फच्या द्रुपा प्रदर्शनाला गेलो होतो. छपाईच्या धंद्यातल्या माणसासाठी ती पंढरीच. दोन दिवस हाताशी उरले तेव्हा गाडीनं लाइपझिग गाठलं, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्या गोल कोपऱ्याच्या आत पाऊल टाकलं. आत संग्रहालय झालं होतं. वाफेनं पाकिटं उघडायचं यंत्र, ती पुन्हा चिकटवायचं यंत्र, खोटे शिक्के, आणि बरण्यांत बंद करून ठेवलेले माणसांच्या वासाचे पिवळे फडके. हवा तेव्हा कुत्र्याला माणसाचा माग काढता यावा म्हणून हे वास जपलेले. मी त्या पाकिटांच्या यंत्रासमोर बराच वेळ उभा राहिलो. यंत्राची घडण चांगली होती. आमच्याच शहरातल्या, आमच्याच धंद्यातल्या कुणीतरी डोकं लावून बनवलेलं असावं, असं वाटलं आणि पोटात कालवलं.

तिथं माहिती सांगणाऱ्या वयस्कर बाई ४ डिसेंबर १९८९ च्या रात्री याच दारातून आत शिरलेल्या लोकांत होत्या. त्याच दिवशी सकाळी एरफुर्टमध्ये लोकांनी स्टासीचं कार्यालय ताब्यात घेतलं होतं, कारण धुराड्यातून कागद जाळल्याचा धूर निघतोय अशी बोलवा होती. मी इथला जुना विद्यार्थी हे कळल्यावर त्यांनी सरळ विचारलं, ‘तुम्ही अर्ज केलात का?’ परदेशी माणसालाही करता येतो हे मला माहीत नव्हतं. ‘फाईल असेलच असं नाही,’ त्या म्हणाल्या, ‘पण विचारायचा हक्क तुमचा आहे.’

पुण्याला येऊन अर्ज भरला. आपण तेच आहोत हे कुणा अधिकृत माणसानं पाहून शिक्का द्यावा लागतो, त्यासाठी मुंबईला जर्मन वकिलातीत जाऊन आलो. स्वतःची फाईल पाहायला पैसे पडत नाहीत. महिनाभरानं पोच आली, तिच्यावर एक क्रमांक होता. मग बावीस महिने काही नाही.

त्या बावीस महिन्यांत मी मिळेल ते वाचलं. आकडे सांगतो, कारण त्यांच्याशिवाय त्या राज्याचा अंदाज येत नाही. सुमारे १ कोटी ६० लाख वस्तीच्या देशात १९८९ साली स्टासीचे ९१,००० पगारी नोकर होते आणि १,८०,००० च्या आसपास गुप्त खबरे. खबऱ्यांना ‘आयएम’ म्हणत, म्हणजे अनधिकृत सहकारी. मागे राहिलेले कागद एकाला एक लावून उभे केले तर १११ किलोमीटर भरतात, जवळजवळ पुणे ते सातारा. शेवटच्या आठवड्यांत कागद नष्ट करणारी यंत्रं पुरी पडेनात, तेव्हा अधिकाऱ्यांनी हातांनी फाडायला घेतलं. १६,००० च्या आसपास पोती भरतील एवढे तुकडे उरले. न्युरेंबर्गजवळच्या झिर्नडॉर्फ गावी १९९५ पासून माणसं बसून ते तुकडे जुळवत होती. कागदाची जात, टंकाचा ठसा, फाडल्याची कड बघून. हे काम मला करायला आवडलं असतं, हे मी मनापासून म्हणतो.

आणखी एक गोष्ट कळली, जी मी भारतात बसून १९९० साली वर्तमानपत्रात वाचली असेन तरी ध्यानात राहिली नव्हती. या फायली उघडणं आपोआप घडलेलं नाही. एकीकरणाच्या वेळी दोन्हीकडच्या अनेक बड्या माणसांना त्या कुलूपबंद राहाव्यात असं वाटत होतं. शेजारी शेजाऱ्याचा जीव घेईल, घरं मोडतील, अशी भीती घातली जात होती. कागद पश्चिमेला कोब्लेन्झच्या अभिलेखागारात हलवायचा बेत होता. सप्टेंबर १९९० मध्ये बेर्बेल बोले आणि तिचे सहकारी बर्लिन-लिख्टेनबर्गच्या स्टासी मुख्यालयात घुसून बसले, उपोषणाला लागले, आणि एकीकरणाच्या करारात त्यांच्यामुळे जादा कलम घालावं लागलं. पुढे कायदा झाला आणि २ जानेवारी १९९२ रोजी पहिल्या माणसांनी स्वतःच्या फायली हातात घेतल्या. योआखिम गाउक तेव्हा या फायली सांभाळणाऱ्या सरकारी कचेरीचे प्रमुख होते. वेरा वोलेनबेर्गर या कार्यकर्तीला कळलं की तिच्यावर अहवाल देणारा खबऱ्या तिचा नवराच होता. घर मोडलंच. पण मोडलं ते फाईल उघडल्यामुळे की फाईल लिहिल्यामुळे, हे त्या वेळी भीती घालणाऱ्यांनी सांगायला हवं होतं.

सप्टेंबर २०१८ मध्ये बोलावणं आलं. लाइपझिगच्या फायली त्याच गोल इमारतीत होत्या.

वाचायच्या खोलीत साधी टेबलं, खिडकीत कुंड्या. माझं काम पाहणाऱ्या बाई शेजारी बसल्या आणि आधी फाईल सापडली कशी ते त्यांनी सांगितलं. स्टासीची नावांची कार्डं नुसती अक्षरवार लावलेली नव्हती, उच्चाराप्रमाणे लावलेली होती, म्हणजे आडनाव कुणी कसंही लिहिलं तरी माणूस सुटू नये. माझं आडनाव तीन तऱ्हांनी लिहिलेलं होतं आणि तिन्ही कार्डं एकाच जागी निघाली. त्या कार्डावर माणसाचं नाव, जन्मतारीख वगैरे आणि एक क्रमांक. तो क्रमांक दुसऱ्या कार्डपेटीत न्यायचा, तेव्हा प्रकरण कुठलं ते कळायचं. एकाच पेटीतून कुणाला पूर्ण गोष्ट कळू नये अशी सोय. मग त्यांनी माझ्यापुढे १४६ पानं ठेवली आणि म्हणाल्या, ‘सावकाश वाचा. अडेल ते विचारा. मध्येच बाहेर जावंसं वाटलं तर जा, बरेच जण जातात.’

प्रत्येक पानाच्या माथ्यावर फायली सांभाळणाऱ्या कचेरीचा शिक्का आणि सहा आकडी क्रमांक. इतर माणसांची नावं काळ्या पट्ट्यांनी झाकलेली, कारण त्यांचाही खाजगीपणा कायद्यानं राखायचा असतो. अधिकाऱ्यांची नावं आणि खबऱ्यांची टोपणनावं मात्र झाकत नाहीत. मजकूर टंकलिखित, बराचसा कार्बन कॉपी. माझी सवय अशी की आधी कागद बघतो मग मजकूर. पिवळा पडलेला, लाकडाचा अंश जास्त असलेला हलका कागद. वर्गात आम्ही त्याच कागदावर टिपणं काढायचो.

मार्च १९८६ मध्ये माझ्यावर ‘ओपीके’ सुरू झालं होतं, म्हणजे एका व्यक्तीवरची पाळत. कारणं नीट मांडलेली: मुद्रणाचं शिक्षण, फ्रीड्रिखष्ट्रासे स्थानकातून पश्चिम बर्लिनला वरचेवर जाणं, चर्चच्या वर्तुळातल्या काही जणांशी ओळख. त्यांना भय छपाईचं होतं. त्या देशात परवानगीवाचून काही छापता येत नसे. चर्चला तेवढी सायक्लोस्टाईलवर पत्रकं काढता यायची, वर ‘फक्त चर्चच्या अंतर्गत वापरासाठी’ असं लिहून. तिथं शाई आणि स्टेन्सिल बाहेरून कोण आणून देतं, हे त्यांना हवं होतं. नोव्हेंबर १९८७ मध्ये पूर्व बर्लिनच्या झायन चर्चमधल्या पर्यावरण ग्रंथालयावर रात्री छापा घालून त्यांनी छपाईची यंत्रं उचलली, आणि त्यानंतरच्या महिन्यांत माझी फाईलही जाड झाली होती. कॉफीची किती पाकिटं आणली, कुणाला जीन्स दिली, परत आलो तेव्हा किती वाजले होते.

पान ३१ वर आईचं पत्र होतं.

एअरोग्राम उघडून, सपाट करून काढलेला फोटो. आईचं अक्षर मी बारा वर्षांत इतकं जवळून पाहिलं नव्हतं. तिचा ‘ळ’ ओळीखाली उतरायचा. सप्टेंबर १९८६ चं पत्र. ‘गौरी आल्या, तीन दिवस राहिल्या, काल गेल्या. यंदा एकटीनं केलं, सोळा भाज्या काही जमल्या नाहीत, अकराच केल्या. जाताना त्यांना सांगितलं आहे, पुढच्या वर्षी पोरगा घरी असू दे. थंडीचं सांभाळून राहा.’

शेजारच्या पानावर जर्मन भाषांतर. चांगलं होतं, कुणी मन लावून केलेलं, खाली फक्त आद्याक्षरं. ‘गौरी आल्या, तीन दिवस राहिल्या, काल गेल्या’ याखाली लाल पेन्सिलीची रेघ. समासात अधिकाऱ्याच्या हातचं: ‘स्त्री? कुठून आली? तिला काय निरोप देण्यात आला?’ आणि खाली टंकलेलं: ‘स्पष्ट करणे. गौरी कोण? मुदत ३० नोव्हेंबर.’

पान ३८ वर उत्तर होतं. ध्वनिफितीवरून उतरवलेला अहवाल. देणाऱ्याचं टोपणनाव एका झाडाचं. त्यानं सांगितलं होतं की गौरी ही व्यक्ती नसून देवी आहे. गणपतीच्या दिवसांत ती सासरहून माहेरी यावी तशी घरी येते. मुखवट्यांना साडी नेसवून उभं करतात, दारापासून आतपर्यंत तिची पावलं काढतात, दुसऱ्या दिवशी जेवण असतं आणि तिसऱ्या दिवशी तिला निरोप देतात. निरोप देताना घरच्या बायका तिच्यापाशी मनातलं बोलतात. यात संशय घेण्यासारखं काही नाही. अधिकाऱ्यानं त्यावर ‘निकाली’ लिहून सही केली होती.

मी उठून बाहेर गेलो.

‘माहेरी यावी तशी’ हे वाक्य कुणा जर्मन माणसाच्या तोंडून येणार नव्हतं. त्या वर्षी वसतिगृहात मराठी आम्ही दोघंच: मी आणि नाशिकचा माझा मित्र. एका पातेल्यातलं जेवलो होतो. आईनं पाठवलेल्या मेतकुटाचा डबा आम्ही दोघांनी मिळून संपवला होता. परत आल्यावर त्याच्या लग्नाला मी होतो, माझ्या आईच्या दहाव्याला तो होता.

आत येऊन उरलेली पानं वाचली. एक गोष्ट शोधत होतो आणि ती सापडली नाही. मार्च १९८८ मध्ये मी खरोखरच पश्चिम बर्लिनहून स्टेन्सिलची दोन पाकिटं आणली होती. निकोलाय चर्चमध्ये दर सोमवारी शांततेची प्रार्थना चालायची, तिथं जाणाऱ्या एका ओळखीच्या मुलीनं मागितली होती. शर्टाखाली पोटाला बांधून सीमा ओलांडली. त्या एका गोष्टीसाठी त्यांनी मला देशाबाहेर काढलं असतं, आणि तिचं काय झालं असतं ते बोलवत नाही. १४६ पानांत त्या स्टेन्सिलचा उल्लेख नव्हता. आणि नाशिकच्या मित्राला मी ते कधी सांगितलं नव्हतं. हेही माझ्या संशयात बरोबर बसलं.

निघताना बाईंनी आणखी एक अर्ज दिला. टोपणनावामागचा माणूस कोण हे हवं असेल तर वेगळी मागणी करावी लागते. नक्की पुरावा सापडला तरच ते नाव कळवतात. मी तिथंच भरून दिला. ‘तुम्हाला कुणावर संशय आहे का?’ त्यांनी विचारलं. मी हो म्हणालो. त्या म्हणाल्या, ‘मग एवढं करा, उत्तर येईपर्यंत त्यांच्याशी काही बोलू नका.’

मी ते शब्दशः पाळलं. आठ महिने त्याच्याशी बोललोच नाही. दिवाळीला त्याचा फोन आला, उचलला नाही. त्याच्या नातवाच्या बारशाला गेलो नाही, तब्येतीचं कारण सांगितलं. रात्री जागून जुन्या गोष्टी उलगडायचो आणि प्रत्येक गोष्ट त्याच्या विरुद्ध जायची. त्यानं एकदा माझ्या वह्या चाळल्या होत्या. माझ्याआधी त्याला परदेशप्रवासाची परवानगी मिळाली होती. तीस वर्षांची मैत्री, आणि एका टंकलेल्या पानाच्या जोरावर मी तिचा पंचनामा करत बसलो होतो.

मे २०१९ मध्ये पत्र आलं. नाव आणि जन्मतारीख. खोलीतला माझा जर्मन जोडीदार. ज्याच्याकडे मी खोकं ठेवून आलो तो.

नाव वाचल्यावर ती संध्याकाळ आठवली. नोव्हेंबर होता, साडेचारलाच अंधार पडलेला, कोळशाच्या धुराचा वास खोलीत भरलेला. तो पलंगावर पाय पोटाशी घेऊन बसला होता आणि त्यानं विचारलं होतं, ‘गौरी कोण?’ घरची आठवण काढायला कुणी विचारलं याचाच मला इतका आनंद झाला की तासभर बोलत होतो. कागदावर मुखवटा काढून दाखवला. माहेर म्हणजे काय हे सांगताना जर्मनमध्ये शब्द सापडेना, म्हणून आजी, आई, मावशी सगळ्यांच्या गोष्टी सांगितल्या. आईचं पत्र मराठीत होतं. त्याला त्यातलं एक अक्षर वाचता येत नव्हतं. तरी त्यानं नाव घेऊन विचारलं, आणि ते त्याला कुठून कळलं हे माझ्या डोक्यातही आलं नाही.

आणि मार्च १९८८ ची ती रात्रही आठवली. माझ्या कपाटाचं कुलूप मोडलं होतं, म्हणून स्टेन्सिलची पाकिटं मी त्याच्या कपाटात ठेवली होती. सकाळी त्यानंच ती काढून माझ्या हातात दिली. वरचा कागद फाटला होता, आतलं निळं स्टेन्सिल दिसत होतं. तो काही बोलला नाही. आणि ते कुठे सांगितलंही नाही. पान क्रमांक लागोपाठ आहेत, मी पुन्हा पुन्हा तपासलं. कॉफीची पाकिटं त्यानं मोजून सांगितली, स्टेन्सिलची नाही. त्याला पत्र लिहावं असं कित्येकदा वाटलं. अजून लिहिलेलं नाही.

त्या वर्षी गौरीजेवणाच्या दिवशी मी न कळवता नाशिकला गेलो. दार वहिनींनी उघडलं, ‘इतक्या दिवसांनी?’ एवढंच म्हणाल्या आणि पान वाढायला गेल्या. जेवण होईपर्यंत मला धीर झाला नाही. मग मित्राला आतल्या खोलीत घेऊन बसलो आणि सगळं सांगितलं. आठ महिने तुझ्यावर संशय घेतला, फोन मुद्दाम उचलला नाही, तब्येतीचं खोटं सांगितलं. तो ऐकत राहिला. पान ३१ ची प्रत त्याच्या हातात दिली. त्यानं चष्मा लावला, आईचं पत्र पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचलं, मग पुन्हा वाचलं.

‘अकराच भाज्या,’ तो म्हणाला. ‘काकूंना फार लागलं असेल रे ते.’

बाहेर गौरींपुढे बायकांची गाणी चालली होती. बराच वेळ आम्ही दोघं ती ऐकत बसलो.

‘माझीही असेल का फाईल?’ त्यानं विचारलं.

कोरा अर्ज मी सोबत नेला होता. त्यानं नाव लिहिलं, जन्मतारीख लिहिली आणि पत्त्यापाशी थांबला. वसतिगृहाच्या रस्त्याचं नाव त्याला आठवेना. मी सांगितलं. त्यानं स्पेलिंग विचारलं, तेही सांगितलं.